चिंगी चालता चालता मागचा पाय उचलते – गुडघ्याची वाटी सरकण्याबद्दल अनुभव सांगा

चिंगीची_आई

नमस्कार मंडळी, बरेच दिवस लिहीन लिहीन म्हणत होते, आज बसलेच.

आमची चिंगी पॉमेरेनियन, अडीच वर्षांची. जवळजवळ वर्षभर तिची एक सवय होती (आम्ही सवयच म्हणायचो), पळता पळता मधेच मागचा उजवा पाय वर घ्यायची, दोन-तीन पावलं तीन पायांवर टुणटुण जायची, मग तो पाय मागे ताणून एक झटका द्यायची आणि काही झालंच नाही अशी पुन्हा पळायला लागायची. रडणं नाही, कुईकुई नाही, पाय चाटणं नाही. घरात सगळ्यांना ते इतकं गोड वाटायचं की त्याचे कितीतरी व्हिडिओ आहेत, मागून आमच्या हसण्याचे आवाज आणि पुढे ती पाय उचलून चालतेय. आता ते बघवत नाहीत.

मागच्या महिन्यात लक्षात आलं की ती सोफ्यावर उडी मारत नाही. पुढचे दोन पाय सोफ्यावर ठेवते आणि मान वळवून माझ्याकडे बघत उभी राहते, उचलून घे म्हणून. मला वाटलं लाडात आलीय. लसीला नेलं तेव्हा सहज डॉक्टरांना बोलले तर त्यांनी तिला कुशीवर झोपवलं, अंगठा आणि बोट गुडघ्यावर ठेवून पाय सरळ केला आणि मला म्हणाले इथे तुमचं बोट ठेवा. माझ्या बोटाखाली वाटाण्याएवढं काहीतरी टक् करून आतल्या बाजूला घसरलं आणि हात सोडल्यावर तिथेच राहिलं, पाय पुन्हा सरळ केला तेव्हा जागेवर आलं. अंगावर काटा आला खरंच. उजवा ग्रेड २ पण ३ कडे झुकलेला आणि डावा ग्रेड १ असं त्यांनी लिहून दिलंय. ऑपरेशनचा विचार करून ठेवा म्हणाले, आधी एक्स-रे काढू.

कुणी यातून गेलंय का? ऑपरेशन करावंच लागतं का? आणि मुख्य म्हणजे तिला इतके दिवस दुखत होतं का?

पाऊलवाट

ताई, शेवटच्या प्रश्नाचं आधी सांगते कारण मीही तिथेच अडकले होते. रडत नाही म्हणजे दुखत नाही असं कुत्र्यांचं नसतं हो. ती सोफ्यावर उडी मारायची थांबली, तेच तिचं सांगणं होतं. आमचा टॉय पूडल जिना चढताना पहिल्या पायरीपाशी थांबून दोनदा बूड हलवायचा आणि मग चढायचा, आम्हाला वाटायचं विचार करतोय.

पण स्वतःला दोष देत बसू नका, वर्षभराने का होईना कळलं हे चांगलंच आहे. माझ्या बाळाचं ऑपरेशन झालंय, सविस्तर रात्री लिहिते.

रानवारा

थोडं वेगळं सांगतो, मागचा पाय उचलला की वाटीच असेल असं धरून चालू नका कुणी. आमची लॅब (लॅब्रॅडॉर), सहा वर्षांची, एके दिवशी खेळून आली आणि पाय टेकवेचना. मी नेटवर दोन तास वाचलं आणि वाटी सरकली असं ठरवून मोकळा झालो, दोन दिवस घरी आराम दिला आणि काल्पनिक वाटी बसवायला गुडघा दाबत बसलो. निघालं काय तर क्रूशिएट लिगामेंट तुटलेलं, म्हणजे गुडघ्याच्या आतला दोर. दाबल्यामुळे तिला जो त्रास झाला असेल तो माझ्या मनातून जात नाही.

नंतर डॉक्टरांनी फरक दाखवला तो लक्षात राहिला. वाटीवाला कुत्रा बहुतेक उचलतो-सोडतो-उचलतो-सोडतो, मधल्या वेळात अगदी नॉर्मल. लिगामेंटवाला सतत लंगडतो, उभा राहिला तरी नुसती बोटं टेकवतो, गुडघा सुजतो आणि बसताना तो पाय सरळ न दुमडता बाजूला फेकून बसतो. आमची तशी बसायची आणि माझ्या डोळ्यासमोर होतं सगळं.

हंबर

मी पशुवैद्य आहे, कुत्र्या-मांजरांचं काम करतो, सुरुवातीची वर्षं गुरांमध्ये गेली. चिंगीला मी तपासलेलं नाही त्यामुळे तिच्याबद्दल तिच्या डॉक्टरांचा शब्द खरा, मी फक्त आत काय होतं ते सांगतो.

मांडीच्या हाडाच्या खालच्या टोकाला एक खोबण असते, वाटी त्या खोबणीतून वरखाली घसरते. वरून मांडीचा मोठा स्नायू तिला ओढतो आणि खालून एक जाड पट्टा तिला नडगीच्या उंचवट्याला बांधून ठेवतो. हे सगळं एका सरळ रेषेत असलं तर वाटी जागची हलत नाही. लहान जातींमध्ये, पॉमेरेनियन, चिवावा, यॉर्की, टॉय पूडल, माल्टीज वगैरे, बऱ्याचदा जन्मतःच ही रेष थोडी वाकडी असते, नडगीचा उंचवटा आतल्या अंगाला सरकलेला असतो, मग वाटी आत ओढली जाते, आणि वाटी बसून बसून जी खोबण वाढत्या वयात खोल व्हायची ती उथळच राहते. म्हणून हा आजार पडल्या-झडल्याने कमी आणि बांध्यातूनच जास्त येतो, आणि साधारण निम्म्या कुत्र्यांत दोन्ही पायांत सापडतो. मार लागूनही होतं पण ते अचानक होतं, सूज-वेदनेसकट. मोठ्या जातींतही वाटी बहुतेक आतच सरकते, बाहेर सरकणारी लहान कुत्र्यांपेक्षा त्यांच्यात जास्त दिसते.

ग्रेडबद्दल लोक फार घाबरतात. ग्रेड १ म्हणजे बोटाने ढकलली तर निघते आणि सोडली की आपणहून परत येते, पुष्कळदा अशा कुत्र्याला काहीच जाणवत नाही. २ मध्ये ती चालताना स्वतःहून निघते आणि पाय ताणला किंवा हाताने सरकवली की परत बसते, चिंगीचा तो झटका म्हणजे वाटी परत बसवणंच आहे, ती ते स्वतः शिकली. ३ मध्ये बहुतेक वेळ बाहेरच असते, हाताने बसवता येते पण टिकत नाही. ४ मध्ये बाहेरच असते आणि हातानेही बसत नाही, असं कुत्रं गुडघे वाकवून दबून चालतं. पण ग्रेड म्हणजे वेदनेचं माप नव्हे. २ असून रोज लंगडणारी कुत्री असतात आणि ३ असून निवांत वाटणारीही असतात. ऑपरेशनचा निर्णय कागदावरच्या आकड्यावर घ्यायचा नसतो, ते जनावर किती वेळा लंगडतं, मांडी बारीक होतेय का, काय करायचं सोडून दिलंय, यावर घ्यायचा. चिंगीने उडी सोडलीय हे मला महत्त्वाचं वाटतं, तिच्या डॉक्टरांना मुद्दाम सांगा.

एक्स-रेचं म्हणाल तर, निदान हाताने होतं. एक्स-रे काढताना वाटी नेमकी जागेवर असू शकते आणि रिपोर्ट नॉर्मल दिसतो, म्हणून 'एक्स-रेत काही नाही' यावर थांबू नका. एक्स-रे लागतो तो हाडं किती वाकलीत, संधिवात सुरू झालाय का, खुबा ठीक आहे का हे बघायला. लहान जातीच्या वर्षाच्या आतल्या पिल्लात खुब्याचं हाड रक्तपुरवठा तुटून झिजण्याचाही आजार असतो, तेही मागच्या पायाने लंगडतात, म्हणून खुबा बघायचाच.

शेतावरचा_शेरू

हंबर काका, आमच्या लहानपणी घरच्या बैलाचा मागचा पाय चालताना अडकायचा, ताठ मागे राहायचा आणि झटक्याने सुटायचा. डॉक्टरांनी गुडघ्यापाशी छोटी चिरफाड केली आणि तो तिथल्या तिथे चालायला लागला. तेच का हे?

हंबर

नाही, तिथे वाटी वर चढून अडकते, कुशीवर आत-बाहेर घसरत नाही. तो उपाय म्हणजे आतल्या बाजूचा एक लिगामेंट कापणं, आणि बैला-म्हशींत तो खरंच तिथल्या तिथे गुण देतो. कुत्र्याला वाटीचा एकच पट्टा असतो, त्याला तिथे कापून चालत नाही. कुणी 'एक टाका मारला की झालं' असं सांगत असेल तर दुसरं मत घ्या.

पाऊलवाट

काल लिहिते म्हणाले होते ते आज. आमच्या टफीचा डावा ग्रेड ३ होता, चार वर्षांचा असताना ऑपरेशन केलं. सर्जननी तीन गोष्टी केल्या, खोबण खोल केली (वरचा गुळगुळीत कुर्चेचा तुकडा पाचरीसारखा काढून, खालचं हाड कोरून तोच तुकडा परत बसवतात म्हणजे कुर्चा शाबूत राहते), नडगीचा उंचवटा कापून योग्य रेषेत आणून पिन आणि तारेने बसवला, आणि बाहेरची बाजू शिवून घट्ट केली. शब्द ऐकून पोटात गोळा आला होता पण डॉक्टरांनी सुपारीच्या आकाराच्या मॉडेलवर दाखवलं तेव्हा कळलं.

घरी आणल्यावरचं कुणी नीट सांगत नाही म्हणून लिहिते. पहिले तीन दिवस तो गुंगीत नुसता बघत पडलेला असायचा. पाचव्या-सहाव्या दिवशी पंजा टेकवायला लागला. आणि खरं संकट तिथेच आहे, कारण बरं वाटायला लागलं की ते पळू बघतात आणि हाड तर अजून जुळलेलं नसतं. सहा ते आठ आठवडे पिंजऱ्यात किंवा छोट्या कुंपणात, बाहेर फक्त शू-शीला, तेही पट्ट्यावर. तिसऱ्या आठवड्यात माझ्याकडून कुंपणाचं दार अर्धवट राहिलं, तो पलंगावर चढला आणि तिथून खाली उडी. पिन सरकली. पुन्हा भूल, पुन्हा टाके. दुसऱ्यांदा केलं तेव्हा मी त्याच्या शेजारी जमिनीवर गादी टाकून झोपले सहा आठवडे. आज तीन वर्षं झाली, त्या पायाने तो छान पळतो.

म्हणून ताई, ऑपरेशन करायचं ठरलं तर ते अशा महिन्यात करा ज्यात घरी कुणीतरी सतत असेल. सर्जन निवडण्याइतकंच हे महत्त्वाचं आहे.

चिंगीची_आई

सगळ्यांचे मनापासून आभार, हंबर दादांचं तर दोनदा वाचून काढलं. एक्स-रे झाला, खुबे चांगले, संधिवात नाही, हाडं फार वाकलेली नाहीत. पण डॉक्टर म्हणाले आधी वजन. चिंगी ४.२ किलो आहे आणि तिच्या बांध्याला ३.५ च्या आसपास हवं. मला धक्काच बसला, केसांमुळे कळतच नाही ना. त्यांनी माझा हात पालथा, सपाट ठेवून दाखवला, पंजाच्या पाठीवरची हाडं जशी लागतात तशा बरगड्या हलक्या हाताने लागल्या पाहिजेत, तिच्या लागतच नव्हत्या, दाबावं लागत होतं.

सर्जननी सहा-आठ आठवडे घरगुती काळजी घेऊन मग निर्णय घेऊ असं सांगितलंय. तोवर काय काय करू? कॅल्शियमचं सिरप चालू करू का? गुडघ्याचा बेल्ट मिळतो म्हणे, तो?

हंबर

कॅल्शियम नको. वाटी सरकणं ही हाडाच्या आकाराची गोष्ट आहे, कॅल्शियम कमी असल्याची नाही. समतोल कुत्र्याचं अन्न खाणाऱ्याला वरून लागत नाही आणि मोठ्या जातीच्या वाढत्या पिल्लांना जास्तीचं कॅल्शियम दिलं तर उलट हाडं बिघडतात. हा धागा वाचणाऱ्या सगळ्या पिल्लवाल्यांना सांगतो, हे फार घरांत चालतं.

बेल्ट वाटीला खोबणीत धरून ठेवत नाही, कातडीच्या वरून ते शक्यच नाही, शिवाय लहान कुत्र्याला तो घासून जखमा होतात. सांध्यांसाठी देतात त्या ग्लुकोसामाईनने फार फरक पडेल असं मी सांगणार नाही, ओमेगा-३ संधिवात असलेल्यांना थोडी मदत करतं पण मात्रा डॉक्टरांकडून घ्या.

आणि हे मोठ्याने सांगतो, घरातली माणसांची पेनकिलर देऊ नका. आयबुप्रोफेन, डायक्लोफेनॅक, नॅप्रोक्सेन, कुठलीच. पोटात अल्सर होऊन रक्तस्राव आणि किडनी निकामी, अशी कुत्री मी हाताने वाचवायचा प्रयत्न केलाय आणि सगळी वाचली नाहीत. कुत्र्यांसाठीची मेलॉक्सिकॅम, कार्प्रोफेन अशी औषधं आहेत, ती डॉक्टर वजनावर देतात, आणि त्यांच्यासोबत स्टेरॉइड कधीच नाही. आधी कुणी स्टेरॉइडचं इंजेक्शन दिलं असेल तर नव्या डॉक्टरांना ते आवर्जून सांगा.

रानवारा

वजनाचं आणि फरशीचं मी सांगतो कारण लिगामेंट असो की वाटी, घरचं काम तेच. खाणं वाटीने न मोजता किचनच्या काट्यावर ग्रॅममध्ये मोजा, वाटीने रोज कमी-जास्त होतं. खाऊ त्याच मापातून काढून बाजूला ठेवा आणि घरातल्या प्रत्येकाला सांगा की दिवसभरात एवढाच. आठवड्याला वजनाच्या १ ते २ टक्के उतरलं पाहिजे, त्याहून घाई नको.

फरशी गुळगुळीत असेल तर ती जिथून जिथे जाते त्या वाटेवर मागून रबर असलेल्या मॅट टाका. सगळं घर नाही केलं तरी चालेल पण वाटेत मधे गॅप ठेवू नका, नेमकी तिथेच घसरतात. नखं कापा, पंजाखालचे केस कापा, पॉमच्या बोटांमधले केस इतके वाढतात की ती फरशीवर मोजे घालून चालल्यासारखी घसरते. सोफ्याला उतार लावा नाहीतर सोफा बंद. आणि दारावरची बेल वाजली की जी धूम ठोकून वळतात ना, ते आधी बंद करा, आमच्या लॅबचं लिगामेंट अशाच वळणावर गेलं असं मला वाटतं.

सोनसाखळी

मधेच विचारते, माफ करा. आमचं चार महिन्यांचं पिल्लू आहे, मागचे पाय धनुष्यासारखे बाकदार, सशासारखं दोन्ही पायांनी एकदम उडी मारत चालतं. ज्यांच्याकडून घेतलं ते म्हणाले मोठं झालं की सरळ होईल. थांबू का सहा महिने?

हंबर

थांबू नका ताई, या आठवड्यात दाखवा. जितकं वय लहान आणि जितकी वाटी जास्त बाहेर, तितकं हाड वाढता वाढता वाकत जातं आणि मग ते सरळ करायला हाडच कापावं लागतं. वाढीच्या वयात नडगीचा उंचवटा हलवता येत नाही कारण वाढीची पट्टी (जिथून हाड वाढतं तो भाग) उघडी असते, पण खोबण आणि मऊ भागांवर काही करून वेळ सावरता येते. हाडांचं काम करणारा सर्जन बघूनच सांगेल. कदाचित साधंच काही निघेल, पण 'मोठं झालं की होईल' हा उपाय नाही.

शेतावरचा_शेरू

चिंगीची आई, अजून एक विचारू का, तिला पिल्लं होऊ देण्याचा विचार होता का तुमचा? आमच्या ओळखीत एकांनी वाटी सरकणाऱ्या मादीची 'एकदा होऊ दे' म्हणून नराशी जोडी लावली, चारातली तीन पिल्लं लंगडी.

चिंगीची_आई

होता हो. खरं सांगायचं तर खूप इच्छा होती, तिच्यासारखंच एक पिल्लू घरी ठेवायचं असं मुलीने ठरवूनही टाकलं होतं. आता नाही. हे आनुवंशिक आहे म्हटल्यावर मुलीला मी बसवून समजावलं, ती खूप रडली पण तीच म्हणाली आई त्यांचे पण पाय दुखतील ना मग. ऑपरेशनच्या वेळीच नसबंदीचं विचारते.

पाऊलवाट

ज्यांना पिल्लू घ्यायचंय त्यांनीही आई-वडिलांचे गुडघे तपासलेत का हे विचारावं, आणि वर्षभराच्या पुढे तपासलेले असले तर जास्त बरं. अमेरिकेत ओएफए नावाची संस्था आहे, ती बारा महिन्यांच्या आतल्या कुत्र्याला वाटीचा पक्का दाखला देत नाही. तपासणी नुसत्या हाताची आहे, भूलही लागत नाही, मग ती न करायला कारणच काय?

चिंगीची_आई

(नऊ आठवड्यांनी)

अपडेट देते, काहीजणांनी विचारपुशीत विचारलं होतं.

वजन ३.७ झालं. बरगड्या लागतात आता. मी एक वही केली, संध्याकाळच्या फेरीत किती वेळा पाय उचलते ते रेघा मारून लिहायचं. पहिल्या आठवड्यात एका फेरीत बावीस-तेवीस रेघा, आठव्या आठवड्यात सहा-सात. मागून मोबाईल जमिनीच्या उंचीवर धरून स्लो मोशनमध्ये व्हिडिओ काढायला सर्जननी सांगितलं होतं, तो सल्ला सगळ्यांना द्यावासा वाटतो कारण दवाखान्याच्या टेबलवर चिंगी घाबरून एकदम ताठ चालते, काहीच लंगडत नाही, व्हिडिओत सगळं दिसतं. व्यायाम म्हणजे बस-उठ, पाच वेळा, दिवसातून तीनदा, दोन्ही पाय सरळ अंगाखाली घेऊन बसली तरच खाऊ, आणि चढावर पट्ट्याने हळूहळू चालणं.

डावा पाय ग्रेड १ च आहे, तो तसाच बघत राहायचा. पण उजव्या मांडीचा घेर टेपने मोजला तर डावीपेक्षा दीड सेंटीमीटर कमी आणि वाटी आता बहुतेक वेळ बाहेर, म्हणजे ३. रेघा कमी झाल्या म्हणून मी खूश होते पण सर्जन म्हणाले ती कमी उचलतेय कारण त्या पायावर भार टाकणंच तिने कमी केलंय, वाटी बाहेर ठेवूनच चालायला शिकलीय. ते ऐकून निर्णय सोपा झाला. पुढच्या सोमवारी ऑपरेशन. पाऊलवाट ताई, दोन महिने घरून काम मागून घेतलंय आणि कुंपणाच्या दाराला दोन कड्या लावल्यात.

पाऊलवाट

बरं केलंत. सोमवारी रात्री झोप येणार नाही, कधीही मेसेज करा, मी जागी असेन. पहिल्या रात्री ती कण्हली तर ते भूल उतरण्याचं असू शकतं, पण हात लावू देत नसेल, जखमेतून पाणी येत असेल किंवा टेकवायला लागलेला पाय परत उचलून धरला तर वाट बघू नका, फोन करा. आणि गळ्यातला कोन (जखम चाटू नये म्हणून घालतात ती कॉलर) काढू नका, तिने कितीही तोंड केलं तरी. एका रात्रीत टाके काढतात.

चिंगीची_आई

(ऑपरेशननंतर सात आठवडे)

एक्स-रे झाला आज. हाड जुळलंय, पिन जागेवर, वाटी खोबणीत. डॉक्टरांनी परत माझं बोट गुडघ्यावर ठेवायला लावलं, पाय वाकवला, सरळ केला, वाकवला. तो वाटाणा बोटाखाली सरळ वर जातो आणि सरळ खाली येतो. मी तिथेच रडले.

मांडीचा फरक दीड सेंटीमीटरवरून एकवर आलाय. पट्ट्याने दहा मिनिटं चालायची परवानगी मिळालीय, दर आठवड्याला पाच मिनिटं वाढवायची, उड्या अजून महिनाभर नाहीतच. आजच्या दहा मिनिटांच्या रेघा लिहायला वही घेऊन गेले होते. पान कोरं राहिलं.

सोनसाखळी, तुमच्या पिल्लाचं काय झालं? दाखवलंत का?

सोनसाखळी

दाखवलं ताई, त्याच आठवड्यात. दोन्ही पाय ग्रेड ४ निघाले, एका पायाचं ऑपरेशन झालंय, दुसऱ्याचं पुढच्या महिन्यात. कुंपणाच्या कड्या कशा लावल्यात त्याचा फोटो टाकाल का?